लोण्याचे पैसे आणि मताचा हक्क : डनिवेबाईंच्या आत्मचरित्राचा विचार

अमेरिकेतील ओरेगन राज्याच्या पुरुष मतदारांना एकच प्रश्न सहा वेळा विचारण्यात आला. स्त्रियांना मताचा हक्क द्यावयाचा की नाही? १८८४, १९००, १९०६, १९०८ आणि १९१० ह्या पाच खेपांस त्यांनी 'नाही' म्हटले व १९१२ साली 'होय' म्हटले. त्या देशातील फारच थोड्या राज्यांत हा प्रश्न इतक्या वेळा मतदारांपुढे गेला. ह्या सहाही खेपांस जी बाई उभी होती, पहिल्या खेपेस पन्नाशीला टेकलेली व शेवटच्या खेपेस अंथरुणाला खिळलेली, त्या ॲबिगेल स्कॉट डनिवे ह्यांनी आपल्या लढ्याची हकीकत १९१४ साली 'पाथ ब्रेकिंग' ह्या नावाने प्रसिद्ध केली. नावाचा अर्थ 'वाट पाडताना' असा करता येईल. पॅसिफिक किनाऱ्यावरील राज्यांतील समान मताधिकाराच्या चळवळीचा हा आत्मचरित्रात्मक इतिहास आहे, असे उपशीर्षकात म्हटले आहे. आमची अडचण ह्या उपशीर्षकापासूनच सुरू होते. आत्मचरित्र आणि इतिहास एका घरात राहू शकतात. परंतु एकाच चुलीवर दोघांचा स्वयंपाक होतो असे नव्हे. ह्या ग्रंथात तो तसा करण्याचा प्रयत्न आहे, आणि त्यामुळे एक पदार्थ उत्तम उतरला असून दुसरा करपला आहे, असे आमचे मत आहे.

इतक्या दूरच्या, शेतीवाडीच्या एका राज्यातील बाईच्या ग्रंथाचा विचार मराठी नियतकालिकात कशासाठी, असे कोणी विचारील. त्याला एक सरळ उत्तर आहे. अमेरिकेतील स्त्रियांचे जीवन मराठी वाचकाने प्रथम सविस्तर पाहिले ते पंडिता रमाबाईंच्या डोळ्यांनी. आनंदीबाई जोशी ह्यांच्या पदवीदानास हजर राहण्यासाठी रमाबाई १८८६ च्या मार्चमध्ये फिलाडेल्फियास पोचल्या, आणि त्यांचे 'युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त' १८८९ साली प्रसिद्ध झाले. त्या पुस्तकातील अमेरिकन स्त्री सभा भरवते, महाविद्यालये चालवते, मद्यपानबंदीसाठी झटते. ते चित्र खोटे नाही. रमाबाईंनी जे पाहिले ते खरेच पाहिले. परंतु संस्थांच्या दिवाणखान्यात बसून जे दिसते ते संस्थांचे असते. त्याच वर्षांत त्या देशाच्या दुसऱ्या टोकाला, शेतावरच्या घरात, विवाहित स्त्रीच्या हातात स्वतःचा म्हणून एक डॉलरही कायद्याने राहू शकत होता की नाही, ही बाजू डनिवेबाईंच्या पुस्तकात सापडते. एका पुस्तकाशेजारी दुसरे ठेवल्याशिवाय चित्र पुरे होत नाही.

ॲबिगेल स्कॉट १८३४ साली इलिनॉय राज्यातील एका खेड्यात जन्मल्या. आईला बारा मुले झाली. आणखी एक मुलगी जन्मास आली तेव्हा आईने त्या जिवाकडे पाहून, हीही पुढे बाईच होणार, आणि बाईचे जिणे फार कठीण, अशा अर्थाचे उद्गार काढल्याची आठवण लेखिकेने दिली आहे. मराठी वाचकाला हा प्रसंग समजावून सांगण्याची गरज नाही. १८५२ साली वडिलांनी बैलांच्या छपरी गाड्या जोडून ओरेगनची वाट धरली. प्रकृतीने खचलेल्या आईचे मन नव्हते. पण तिला विचारतो कोण? वाटेतील हकीकत रोजच्या रोज टिपून ठेवण्याचे काम वडिलांनी सतरा वर्षांच्या ॲबिगेलकडे सोपवले. जूनमध्ये, फोर्ट लारामीच्या जवळपास, आई पटकीने वारली. ऑगस्टमध्ये धाकटा भाऊ गेला. रोजनिशी चालूच राहिली.

ह्या रोजनिशीचे महत्त्व आम्हांस विशेष वाटते. डनिवेबाईंच्या लेखनाचा उगम त्यात आहे. १८५९ साली त्यांनी 'कॅप्टन ग्रेज कंपनी' ही कादंबरी छापली, तिच्यात हाच प्रवास आहे. ओरेगनमध्ये व्यापारी रीतीने प्रसिद्ध झालेली ही पहिली कादंबरी समजली जाते. पुढे १९०५ साली 'फ्रॉम द वेस्ट टु द वेस्ट' ह्या कादंबरीत तोच प्रवास पुन्हा आला, आणि आत्मचरित्रात तिसऱ्यांदा आला. एकच दुःख मनुष्य आयुष्यात तीनतीनदा लिहितो तेव्हा ते पहिल्या दोन वेळी पुरते लिहून झालेले नसते. आमच्या मते सर्वांत कोरडी, सर्वांत कमी शब्दांची जी नोंद, म्हणजे रोजनिशीतली, तीच सर्वांत टिकाऊ आहे. कादंबऱ्यांत लेखिका वाचकाचे मन वळवू पाहते. रोजनिशीत तिला तेवढी सवड नव्हती.

१८५३ साली बेंजामिन डनिवे ह्यांच्याशी विवाह झाला. पहिली वर्षे क्लॅकमस काउंटीतील जंगल तोडून केलेल्या शेतावर गेली, नंतरची यॅमहिल काउंटीत. ग्रंथातील उत्तम भाग येथे सुरू होतो. गाई दोहणे, लोणी काढणे, धुणे, शिवण, एकामागून एक मुले, आणि त्यातच शेजारपाजारच्या अविवाहित पुरुषांची जेवणासाठी लागणारी रांग. पाहुणचाराची कीर्ती नवऱ्याची, हात बायकोचे. हे सगळे डनिवेबाई तक्रारीच्या सुरात सांगत नाहीत. त्यांना विनोदाची देणगी आहे, आणि तो विनोद स्वतःवरही चालतो. ह्या काळात त्या 'ओरेगन फार्मर' ह्या पत्रात शेतकऱ्याच्या बायकोच्या भूमिकेतून लिहीत. त्या लेखनातला बोलका सूर साठ वर्षांनंतरच्या आत्मचरित्रातही तसाच ऐकू येतो. साठ वर्षे म्हणताना आम्ही थोडे अधिक म्हणालो, पंचावन्न म्हणावे.

मग ते जामीनपत्र येते. नवऱ्याने एका स्नेह्याच्या कर्जाला हमी म्हणून सही केली. बायकोने ती करू नये असे सुचवले, तेव्हा हे तिच्या पाहण्याचे काम नव्हे असे ठरले. कर्ज बुडाले, आणि नवरा घरी नसता समन्स बजावण्यास आलेल्या अधिकाऱ्याने ते बायकोच्या हाती दिले. सही करताना जिला तोंड नव्हते, तिला वसुलीच्या वेळी मात्र नाव प्राप्त झाले. शेत गेले. १८६२ साली गाडीच्या अपघातात नवरा जायबंदी झाला आणि घर चालवण्याचा भार बायकोवर आला. हा एक प्रसंग इतका नेटका, इतका अल्पाक्षरी आहे की, विवाहित स्त्रीच्या कायदेशीर स्थितीवरील कोणताही निबंध त्याच्यापुढे फिका पडावा. ओरेगनच्या १८५० च्या जमीनविषयक कायद्याने विवाहित जोडप्याला ६४० एकर जमीन मिळू शके व तिचा अर्धा भाग पत्नीच्या नावे असे. म्हणजे कागदावर ह्या राज्यातील शेतकऱ्याची बायको अन्य ठिकाणच्या बायकांहून सुदैवी होती. कागद आणि घर ह्यांत किती अंतर असते हे सांगण्यासाठीच जणू हे प्रकरण लिहिले गेले आहे.

डनिवेबाईंनी प्रथम शाळा चालवली, नंतर ऑल्बनी गावात बायकांच्या टोप्यांचे दुकान काढले. हे दुकान म्हणजे ह्या ग्रंथाचे हृदय. टोपी घ्यायला आलेली बाई टोपी पाहता पाहता बोलू लागते. एकीचा नवरा घरातले सामान विकून परागंदा झालेला. लेखिका खटपट करून कोणाकडून तरी तिला कर्ज मिळवून देते, बाई सामान आणून खाणावळ घालते, घडी बसते. तोच नवरा परत येतो, सामानाचा मालक म्हणून उभा राहतो, आणि बायकोने लिहून दिलेले गहाणखत आपल्याला बंधनकारक नाही असे सांगतो. कायदा त्याच्या बाजूचा. दुसरी एक शेतकऱ्याची बायको. तिने लोणी विकून पैसे साठवले, शाळेला जाणाऱ्या मुलींना पावसाळी अंगरखे घेता यावेत म्हणून. ओरेगनचा तो पट्टा पावसाचा. तेथे ही चैन नव्हे. नवऱ्याने ते पैसे उचलले आणि शर्यतीचा घोडा घेतला. पैसे कोणाचे? गाय नवऱ्याची, दूध गाईचे, तेव्हा लोणी नवऱ्याचे. मधली मेहनत हिशेबात धरण्यासारखी कोणालाच वाटली नाही.

ह्या कथा सांगताना डनिवेबाईंची वाक्ये आखूड होतात, विशेषणे गळतात. त्या दोषही देत नाहीत. घोडा घेणारा शेतकरी दुष्ट नाही. त्याला तो आपला पैसा वाटला इतकेच. आम्हांस ह्या पानांचे मोल वाटते ते ह्यासाठी. चळवळीचे बहुतेक वाङ्मय हक्कांच्या भाषेत सुरू होते आणि हक्कांच्या भाषेतच संपते. येथे हक्काची गरज लोण्याच्या भांड्यातून वर आलेली दिसते. आणि मौज अशी की, बायकांना मत मिळाल्याशिवाय हे सुधारणार नाही, हा विचार लेखिकेने आपल्या नवऱ्याच्या तोंडी घातला आहे. एके संध्याकाळी दुकानातल्या गोष्टी ऐकवून तिने त्रागा केला, तेव्हा आजारी नवरा शांतपणे तसे म्हणाला. ज्याच्या एका सहीने शेत गेले, त्याच माणसाला हे श्रेय देण्यात जे औदार्य आहे ते पुढच्या भागात दुर्दैवाने आढळत नाही.

१८७१ साली कुटुंब पोर्टलंडला आले आणि ५ मे रोजी 'द न्यू नॉर्थवेस्ट' ह्या साप्ताहिकाचा पहिला अंक निघाला. हे पत्र १८८७ पर्यंत चालले. मुलांनी खिळे जुळवायचे, बहीण कॅथरिन कोबर्न ह्यांनी काही वर्षे संपादनास हात द्यायचा, आणि बाईंनी गावोगाव व्याख्याने देत वर्गणीदार मिळवायचे, असा तो संसार होता. क्रमशः छापलेल्या कादंबऱ्याही त्यांच्याच. त्या कादंबऱ्या घाईने लिहिलेल्या आहेत आणि त्यांतील बऱ्याच आज वाचवत नाहीत, हे स्पष्ट म्हटलेले बरे. पत्र निघाले त्याच वर्षी सुसान अँथनी वायव्येच्या दौऱ्यावर आल्या. त्यांच्याबरोबर डनिवेबाईंनी सुमारे दोन हजार मैल प्रवास केला आणि सभेत बोलण्याचा धडा त्या प्रवासात घेतला. १८७२ च्या नोव्हेंबरात त्यांनी व आणखी तीन स्त्रियांनी पोर्टलंडमध्ये मतपत्रिका पुढे केल्या. अधिकाऱ्यांनी त्या घेतल्या, परंतु पेटीत न टाकता पेटीखाली ठेवल्या. ह्या चौघींपैकी मेरी बीटी ही कृष्णवर्णीय होती. ओरेगनच्या १८५७ च्या राज्यघटनेने कृष्णवर्णीय व चिनी लोकांना मताचा अधिकार शब्द घालून नाकारलेला होता आणि त्यातील कृष्णवर्णीय पुरुषांपुरती बंदी १८७० च्या राष्ट्रीय दुरुस्तीने नुकतीच निष्फळ झाली होती, हे लक्षात घेतले म्हणजे मेरी बीटीच्या मतपत्रिकेचे वजन कळते.

१८७९ साली दक्षिणेकडील जॅक्सनव्हिल गावी सभेच्या वेळी डनिवेबाईंवर अंडी फेकण्यात आली आणि त्यांची प्रतिमा जाळण्यात आली. त्यांनी ह्या प्रकाराचीही थट्टाच केली. त्यांच्या स्वभावाचा हा गुण त्यांना पुष्कळ उपयोगी पडला. दरम्यान कायद्यात थोडेथोडे बदल होत होते. १८७२ साली विवाहित स्त्रीला स्वतंत्र व्यापार करण्याची मोकळीक देणारा कायदा झाला आणि १८७८ साली विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेचा कायदा झाला. लोण्याच्या पैशांचा प्रश्न सुटला नसला तरी त्याला कायद्यात जागा मिळू लागली. ह्या यशात साप्ताहिकाचा वाटा मोठा आहे, आणि तो डनिवेबाईंनी फारसा मिरवलेला नाही. जे त्यांनी मिरवले आहे ते निराळे.

ते म्हणजे त्यांचे डावपेच. स्त्रियांना मत देणारे पुरुष. तेव्हा त्यांना सभा, मिरवणुका, जयघोष ह्यांनी बुजवू नये. गावातील वजनदार माणसांना एकेकटे गाठून, गाजावाजा न करता आपलेसे करावे, अशी त्यांची पद्धत. शिकारी सावजामागे पावलाचा आवाज न करता जातो, त्यावरून त्या ह्या पद्धतीला जे नाव देत, त्याला मराठीत 'मुकी पारध' म्हणता येईल. १८८४ साली बाजूने ११,२२३ आणि विरुद्ध २८,१७६ मते पडली. १९०० साली, मुकी पारध पुरती अमलात असताना, बाजूने २६,२६५ आणि विरुद्ध २८,४०२ पडली. केवळ २,१३७ मतांचे अंतर! डनिवेबाईंना आपल्या पद्धतीचा जो अभिमान होता त्याला हा आकडा भक्कम आधार आहे, आणि त्यांच्यावर टीका करणाऱ्यांनी तो विसरू नये. ह्या निसटत्या पराभवाचे खापर त्यांनी आपला भाऊ हार्वे स्कॉट व त्याचे 'ओरेगोनियन' हे वर्तमानपत्र ह्यांच्यावर फोडले. भाऊ राज्यातील सर्वांत वजनदार संपादक, बहीण राज्यातील सर्वांत बोलकी चळवळी, आणि दोघेही त्याच एका बैलगाडीतून आलेली. कोणत्याही कादंबरीकाराला मोह पडावा असे हे नाते आहे. आत्मचरित्रात त्याचे चित्रण मात्र तुटक आहे. जेथे मन दुखावले आहे तेथे लेखिका वकिली करते, आणि वकिलीत माणूस दिसेनासा होतो.

मद्यपानबंदीच्या प्रश्नावर तर ही वकिली अधिकच तीव्र होते. रमाबाईंनी अमेरिकेत जिची मनापासून प्रशंसा केली, जिच्या वतीने पुढे हिंदुस्थानात काम पत्करले, ती स्त्रियांची ख्रिस्ती मद्यपाननिषेधक संघटना डनिवेबाईंना मताधिकाराच्या वाटेतील सर्वांत मोठी धोंड वाटे. त्यांचे म्हणणे असे की, स्त्रियांना मत मिळाले की दारू बंद होईल अशी घोषणा करीत फिरणे म्हणजे दारू पिणाऱ्या, विकणाऱ्या व गाळणाऱ्या सर्व पुरुषांना आधीच सावध करणे होय. शिवाय, माणसाला जबरीने शहाणे करता येत नाही, असेही त्यांचे मत होते. दोन बुद्धिमान स्त्रिया, एकाच दशकात, एकाच संघटनेविषयी इतक्या विरुद्ध निर्णयास येतात ह्याचा अर्थ काय? रमाबाईंनी संघटनेत स्त्रियांची एकजूट पाहिली. त्या परक्या देशातून आल्या होत्या आणि आपल्याकडे जे नाही ते त्यांना तेथे आढळले. डनिवेबाई मते मोजत होत्या. दोघींचेही पाहणे खरे आहे, परंतु अर्धे आहे. मताधिकाराच्या चळवळीत खेड्यापाड्यांतील हजारो बायकांना आणून बसवण्याचे काम ह्याच संघटनेने केले, ही गोष्ट डनिवेबाईंच्या ग्रंथावरून वाचकाच्या ध्यानी येणे कठीण. आणि पुरुषांची भीतीही अगदीच निराधार नव्हती. १९१४ च्या नोव्हेंबरात, स्त्रियांना हक्क मिळाल्यावर दोन वर्षांच्या आतच, ओरेगनच्या मतदारांनी राज्यभर मद्यबंदी मंजूर केली.

१९०२ साली ओरेगनमध्ये एक मोठी घटनात्मक सुधारणा झाली. मतदारांच्या सह्यांचा पुरेसा मोठा अर्ज आला म्हणजे विधिमंडळाला वळसा घालून प्रश्न थेट लोकमतास टाकता येऊ लागला. १९०६ पासूनच्या चारही खेपा ह्या मार्गाने झाल्या. १९०५ साली राष्ट्रीय मताधिकार संघटनेचे अधिवेशन पोर्टलंडला भरले आणि पुढच्या वर्षीची मोहीम ॲना हॉवर्ड शॉ वगैरे पूर्वेकडील पुढाऱ्यांनी हाती घेतली. मुकी पारध संपली, जयघोष सुरू झाला. निकाल ३६,९०२ विरुद्ध ४७,०७५. डनिवेबाईंनी परक्यांना दोष दिला. ठीक आहे; पण १९०८ साली मोहिमेची सूत्रे पुन्हा त्यांच्याच हाती असताना ३६,८५८ विरुद्ध ५८,६७० असा अधिक मोठा पराभव झाला, त्याचे काय? येथे ग्रंथातील इतिहास लंगडू लागतो. जिंकलो तर पद्धत आपली, हरलो तर ढवळाढवळ दुसऱ्यांची, हा हिशेब आत्मचरित्रांत नवा नाही. परंतु लोण्याच्या पैशांचा हिशेब इतक्या चोख मांडणाऱ्या लेखणीकडून आम्ही अधिक अपेक्षा केली होती.

आता १९१० च्या खेपेकडे यावे. ग्रंथाविषयीचा आमचा मुख्य आक्षेप येथेच आहे. त्या वर्षी डनिवेबाईंच्या पुढारीपणाखाली जी दुरुस्ती मांडण्यात आली ती सर्व स्त्रियांसाठी नव्हती. कर भरणाऱ्या स्त्रियांसाठी होती. डावपेच म्हणून हे समजण्यासारखे आहे. कर देतो त्याला बोलण्याचा हक्क हवा, हे अमेरिकेतील जुनेच सूत्र. त्याला कोण नाही म्हणणार, अशी कल्पना असावी. लोकांनी ३५,२७० विरुद्ध ५९,०६५ मतांनी नाही म्हटले. सहा खेपांतील विरोधी मतांचा हा सर्वांत मोठा आकडा. परंतु आकडा बाजूस ठेवू. ऑल्बनीच्या दुकानात पावसाळी अंगरख्यांची मागणी मागे घेण्यास आलेली ती शेतकऱ्याची बायको ह्या दुरुस्तीत कोठे बसते? तिच्या नावे जमीन नाही, घोडा नाही, लोणीसुद्धा नाही. जिच्यापाशी काही नाही तिला कराची पावती कशी मिळणार? ज्या बाईच्या दैन्यातून मताची गरज पटली, तिलाच वगळून मत मागण्याची वेळ आली! चाळीस वर्षे हरत आलेल्या माणसाकडून असे होऊ शकते, आणि आम्ही त्याबद्दल कठोर बोलू इच्छीत नाही. पण आत्मचरित्रकाराने ह्या विसंगतीपाशी थांबायला हवे होते. डनिवेबाई तेथे थांबून स्वतःशी बोलल्या असत्या तर हा ग्रंथ मोठ्या आत्मचरित्रांत गणला गेला असता. त्यांनी जी उत्तरे दिली आहेत ती विरोधकांना दिली आहेत. दुकानातल्या बाईला उत्तर मिळालेले नाही.

१९१२ साली शेजारची चित्रे बदलली होती. आयडाहोत १८९६ पासून स्त्रिया मत देत होत्या. १९१० साली वॉशिंग्टनमध्ये, १९११ साली कॅलिफोर्नियात त्यांना हक्क मिळाला. ओरेगनच्या पुरुषांना मागासलेले म्हणवून घेणे जड जाऊ लागले असावे. डनिवेबाई आजारी होत्या, आणि हेच मोहिमेच्या पथ्यावर पडले असे म्हणणे क्रूर असले तरी खोटे नाही. एका हातात असलेली सूत्रे अनेक हातांत गेली. डॉक्टर एस्थर पोल ह्यांनी सर्वांना मोकळा असा एक संघ काढला. त्यात मोठ्या वर्गणीची अट नव्हती की पदांची उतरंड नव्हती. हॅटी रेडमंड ह्यांनी कृष्णवर्णीय स्त्रियांचा मताधिकार संघ चालवला. पोर्टलंडच्या चिनी स्त्रियांनीही आपला संघ स्थापला. त्यांच्यापैकी चीनमध्ये जन्मलेल्यांना तर नागरिकत्वच मिळण्याची सोय १९४३ पर्यंत नव्हती, तरी त्या उभ्या राहिल्या. मिरवणुका, पत्रके, दुकानांतून सभा, सगळा जयघोष झाला. निकाल ६१,२६५ विरुद्ध ५७,१०४. जय ४,१६१ मतांनी. जी पद्धत त्यांनी जन्मभर धिक्कारली तिच्याच गजरात त्यांना यश लाभले. गव्हर्नर ऑस्वल्ड वेस्ट ह्यांनी मताधिकाराचा जाहीरनामा डनिवेबाईंनीच आपल्या हाताने लिहावा अशी विनंती केली, आणि ३० नोव्हेंबर १९१२ रोजी अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या त्या वृद्ध स्त्रीने त्यावर सही केली. हा मान योग्यच होता. फक्त त्या सहीमुळे इतर सह्या झाकल्या गेल्या. पुढे दीर्घकाळ ओरेगनच्या मताधिकाराचा इतिहास म्हणजे डनिवेबाईंचे चरित्र असे समीकरण रूढ झाले, आणि त्याला हा ग्रंथ मोठ्या प्रमाणात कारण आहे. रूथ बार्न्स मॉयनिहन ह्यांनी १९८३ साली डनिवेबाईंचे विस्तृत चरित्र लिहिले, नंतरच्या अभ्यासकांनी १९१२ च्या मोहिमेतील इतर स्त्रियांचा शोध घेतला, तेव्हा कोठे झाकलेली नावे दिसू लागली.

रचनेविषयी थोडेच लिहावयाचे. ग्रंथात भाषणे, पत्रे, वादविवाद पुरेपूर भरलेले आहेत. कालानुक्रम मधूनमधून सुटतो. ह्यातील बराच मजकूर गाळला असता तर वाचकावर उपकार झाले असते. परंतु कोणी संक्षेप करील तर एक भीती आहे. संक्षेपकार बहुधा शेत आणि दुकान कापील आणि जाहीरनामा ठेवील. आम्हां शिक्षकांच्या हातूनही वर्गात हेच घडते. मताधिकार म्हटला की आपण सनावळी, ठराव, मतांची संख्या फळ्यावर मांडतो, कारण ते परीक्षेत विचारता येते. ह्या लेखात आम्हीही आकडे कमी दिलेले नाहीत. ज्यांना विद्यार्थ्यांसमोर ह्या ग्रंथातील एखादाच भाग वाचावयाचा असेल त्यांनी ऑल्बनीचे दुकान वाचावे, आणि त्याला लागून १९१० च्या दुरुस्तीचा आशय सांगावा. मग विद्यार्थ्यांना काही विचारण्याची गरज पडणार नाही, तेच विचारतील.

डनिवेबाई ऑक्टोबर १९१५ मध्ये वारल्या. त्यापूर्वी मुल्टनोमा काउंटीत मतदार म्हणून नोंदल्या गेलेल्या पहिल्या स्त्रीचा मान त्यांना मिळाला होता. ओरेगनच्या विधिमंडळात पहिली स्त्री, मॅरियन टाउन, १९१४ च्या निवडणुकीत निवडून आली. ती जॅक्सन काउंटीतून. १८७९ साली जेथे अंडी फेकली गेली ते जॅक्सनव्हिल त्याच काउंटीत आहे. ते त्या वेळी तिचे मुख्य ठाणे होते. 'पाथ ब्रेकिंग'वर छापलेले वर्षही १९१४ हेच आहे.